सिग्ने ट्वेटनच्या मागचं चाक

सिग्ने ट्वेटनला उताराची भीती बसली तेव्हा ती सत्तावीस वर्षांची होती. तोवर उतार म्हणजे आपल्याच घरचं अंगण असल्यासारखी ती वागायची. चढावर तिच्यापेक्षा चपळ बायका पुष्कळ होत्या. सपाटीवर वारा कापणाऱ्या दणकट बायकाही होत्या. पण डोंगरमाथा ओलांडून रस्ता खाली वळला की सिग्ने हँडलवर छाती टेकायची, गुडघे चौकटीला आवळायची आणि दिसेनाशी व्हायची. शर्यतीतल्या मोटरसायकलवाल्या फोटोग्राफरांनीसुद्धा तिच्या मागे लागायचं सोडून दिलं होतं. एकानं तर तोंडावर सांगितलं होतं, "बाई, मला घरी दोन लेकरं आहेत."

हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. पश्चिम विस्कॉन्सिनच्या ज्या भागात ती वाढली तिथं सरळ रस्ताच नाही. माथ्यावर मक्याची शेतं, खाली घळीत ओढे आणि गोठे, आणि वरून खाली घसरगुंडीसारखे पडणारे रस्ते. तिचे वडील आर्विड त्या रस्त्यांवर दुधाचा टँकर चालवायचे. शाळेला सुट्टी असली की ती त्यांच्या शेजारी बसून जायची. अर्धा भरलेला टँकर वळणावर आला की आतलं दूध हिसका मारून पुढं येतं, आणि सगळी गाडी पुढं ढकलली जाते. आर्विड वळणाच्या कितीतरी आधी ब्रेक दाबायचे आणि वळणात पाय उचलून घ्यायचे. सोळाव्या वर्षी सिग्नेनं भावाची जुनी सायकल घेतली आणि तेच केलं. फक्त वळणाच्या आधीचा ब्रेक ती गाळायची.

चोविसाव्या वर्षी तिला मिनियापोलिसच्या एका टीमनं घेतलं. खिडक्या बनवणाऱ्या कुठल्याशा कंपनीचं नाव छातीवर लावायचं, लोकांच्या घरी पाहुणं म्हणून राहायचं, व्हॅनमध्ये झोपायचं आणि एका राज्यातून दुसऱ्या राज्यात शर्यती करत फिरायचं, असं ते आयुष्य होतं. सिग्ने कधी जिंकायला म्हणून गेलीच नाही. जिंकायचं काम दुसऱ्यांचं. तिचं काम म्हणजे मागून येणाऱ्या टीमच्या गाडीपासून पाण्याच्या बाटल्या आणायच्या, समोरचा वारा अंगावर घ्यायचा आणि उतारावर टीममधल्या घाबरणाऱ्या बायकांना आपल्या चाकामागे धरून सुखरूप खाली न्यायचं. ती पुढं, बाकीच्या तिच्या मागे, दोन चाकांत जेमतेम वीतभर अंतर. तिला ते काम मनापासून आवडायचं. टीमचा मॅनेजर डेनिस पोपेल्का, आयोवातला, जाडजूड आणि कमी बोलणारा, तो म्हणायचा, "सिग, तुझ्या मागे मी माझ्या आईलाही बसवीन."

दोन हजार एक साली टीममध्ये टेस लिंडक्विस्ट आली. एकवीस वर्षांची, डुलुथची. हसली की सगळे दात दिसायचे. चढावर बकरीसारखी चढायची आणि उतारावर मांजरीसारखी घाबरायची. सिग्नेनं तिला महिनाभर आपल्या मागे घेऊन शिकवलं. टेस शिकली ती एवढंच, की सिगच्या चाकावरून नजर हलवायची नाही.

"रस्ता बघत नाहीस का तू?" सिग्नेनं एकदा विचारलं.

"रस्ता तू बघतेस ना? मग मी कशाला बघू? मी तुझं मागचं चाक बघते. ते पडलं नाही म्हणजे मीही पडत नाही."

सिग्ने हसली होती. तिला ते कौतुकाचं वाटलं होतं.

त्या वर्षीच्या जुलैत कोलोरॅडोत सहा दिवसांची शर्यत होती. तिसऱ्या दिवशी हॅगर्टी नावाची अकरा हजार फुटांची खिंड ओलांडायची होती. त्यांच्या टीमची मुख्य खेळाडू पुढच्या पाचजणींबरोबर निसटली होती आणि खाली दरीत तिला मदतीला माणूस हवं होतं. माथ्यावर पोचताना सिग्नेच्या कानातल्या यंत्रात पोपेल्काचा आवाज आला, "सिग, टेसला घेऊन खाली जा. पुढच्यांना गाठा. चाळीस सेकंदांचा फरक आहे."

सिग्नेनं मान वळवून टेसकडे पाहिलं. पोरीचा चेहरा चढानं लाल झाला होता आणि ओठ पांढरे पडले होते.

"माझ्या चाकाला चिकट," सिग्ने म्हणाली. "मी जिथून जाईन तिथून ये. आणि ब्रेकला हात लावू नकोस. कळलं?"

"कळलं. तू फक्त पडू नकोस हं!"

पहिली सहा वळणं पाण्यासारखी गेली. सातवं डावीकडे वळत होतं आणि उजवीकडे लोखंडी कठडा होता. वळणाच्या तोंडाशी सिग्नेला खडी दिसली. रस्ता दुरुस्त करणाऱ्यांनी टाकून दिलेली, डांबराच्याच रंगाची, हातभर रुंद. अशा वेळी पुढच्यानं एक हात खाली सोडून बोटानं खडी दाखवायची असते. हा नियम सायकलवाल्यांना पहिल्या आठवड्यात शिकवतात, चार वर्षांचं पोरही शिकतं. सिग्नेनं हात सोडला नाही. हात सोडला तर छाती वर उचलावी लागते, वेग जातो, पुढचे चाळीस सेकंद पन्नास होतात. तिनं सायकल बोटभर आत घेतली आणि खडीच्या कडेनं सुळकन निघून गेली. टेसही तशीच येईल, असं तिला वाटलं. वाटलं म्हणजे काय, तेवढा विचारही तिनं केला नाही.

मागे एक आवाज झाला. मोठा नव्हता. टायर खरवडल्यासारखा, आणि मग कठड्याचा एक ठण्ण. त्यानंतर वाऱ्याशिवाय काहीच ऐकू आलं नाही.

सिग्नेला कळलं होतं. तरी तिनं मागे पाहिलं नाही. आठवं वळण गेलं, नववं गेलं, दहावं गेलं. अकराव्यानंतर रस्ता सरळ झाला तेव्हा तिनं मान वळवली. वरपर्यंत रस्ता रिकामा होता आणि उन्हात चकाकत होता.

कानात पोपेल्काचा आवाज आला. तो एखाद्या अनोळखी माणसाचा वाटत होता. "सिग, थांबू नकोस. आम्ही इथं आहोत तिच्यापाशी. तू जा."

ती गेली. त्या दिवशी ती सातवी आली.

टेस कठड्यावरून पलीकडे वीस फूट खाली खडकांवर पडली होती. नऊ दिवस ती बेशुद्ध होती. शुद्धीवर आली तेव्हा दिसणं गेलेलं होतं. डाव्या डोळ्याच्या कोपऱ्यात थोडा उजेड कळायचा, तेवढाच. सिग्ने एकदा हॉस्पिटलमध्ये गेली. लांबलचक व्हरांड्याच्या टोकाला टेसची आई खुर्चीवर बसली होती, मांडीवर पोरीचे सायकलचे बूट घेऊन. सिग्ने तिथूनच परत फिरली.

त्यानंतर ती चार हंगाम शर्यती करत राहिली. त्या चार वर्षांत जिथं तिला भीती वाटली नाही असा एकही डोंगर तिनं पाहिला नाही.

भीती स्वतः पडण्याची नव्हती. ती एकटी असली तर अजूनही उतरू शकायची. पण मागे कुणी आहे असं कळलं की तोंड कोरडं पडायचं, जिभेवर लोखंडाची चव यायची आणि पाठीची कातडी आखडायची. मागच्या चाकाची घरघर कानात घुसायची. आता थांबेल, आता थांबेल, असं वाटत राहायचं, आणि ती घरघर खरंच थांबली, म्हणजे कुणी सहज मागे पडली, की सिग्ने झटकन मान वळवायची. आणि तिचं सगळं काम तर मागे कुणीतरी असण्याचं! त्यासाठीच तिला पगार होता.

मग ती युक्त्या शोधायला लागली. माथा जवळ आला की तिला नेमकं गाडीपाशी पाणी आणायला जायचं असायचं. कधी साखळी घसरायची, कधी टायरची हवा जायची. कधी बुटाचा पट्टा सुटायचा.

"सिगचं टायर बरोबर डोंगराच्या टोकावरच कसं बसतं गं?" टीममधली एकजण जेवताना म्हणाली.

"उंचीवर हवा पातळ असते," दुसरी म्हणाली, आणि टेबलावरच्या सगळ्या हसल्या. सिग्नेही हसली. मग ताट घेऊन उठली.

दोन हजार पाचच्या वसंतात इटलीतल्या एका शर्यतीत तिनं पावसात एका उतारावर एवढा करकचून ब्रेक दाबला की मागच्या तिघी एकमेकींवर आदळल्या. कुणाला फार लागलं नाही. एकीचं कोपर सोललं. पण सिग्ने रस्त्याच्या कडेला सायकल टाकून बसली आणि बाकीच्या पुढं निघून गेल्या तरी उठली नाही. संध्याकाळी पोपेल्कानं तिला व्हॅनमध्ये बोलावलं आणि दार लावून घेतलं.

"किती दिवस झाले?" त्यानं विचारलं.

"कशाला?"

"सिग, मी बावीस वर्षं हे धंदे करतोय. मला आंधळा समजू नकोस."

तो शब्द निघाला आणि पोपेल्कानं तोंड खिडकीकडे वळवलं. काचेवरून पाणी ओघळत होतं.

"तू त्या दिवशी गाडीतून बघत होतास," सिग्ने शेवटी म्हणाली. "तुला दिसलं असेल. मी हात खाली केला नाही."

पोपेल्कानं टोपी काढली, पुन्हा घातली. "मी दोन वळणं मागे होतो. मला काही दिसलं नाही."

"तू कुणाला काही सांगितलंस?"

"जे दिसलं नाही ते काय सांगू? तिच्या आईला म्हटलं, खडी होती. एवढंच. पुढं कोण होतं ते त्यांनी विचारलं नाही, मीही विषय काढला नाही." मग तो खालच्या आवाजात म्हणाला, "घरी जा, सिग. कुणीतरी मरायच्या आधी घरी जा."

ती घरी आली. माथ्यावरच्या शेतकऱ्यांच्या सहकारी दुकानात तिला खताची आणि पशुखाद्याची पोती मोजून देण्याचं काम मिळालं. सायकल तिनं वडिलांच्या शेडमध्ये आढ्याला टांगली. आर्विडनी काही विचारलं नाही. त्यांच्या घरात विचारायची पद्धत नव्हती. शुक्रवारी गावच्या क्लबात तळलेला मासा खायचा, रविवारी चर्चमध्ये जायचं, आणि मधल्या दिवसांत हवेबद्दल बोलायचं.

दोन-तीन वर्षांनी एका सकाळी तिची गाडी बिघडली म्हणून ती वडिलांच्या टँकरमधून कामावर निघाली होती. टँकरातला रेडिओ चालू होता. ला क्रॉसच्या स्टेशनवरून एक बाई हवामान आणि दुधाचे भाव वाचत होती. आवाज हसरा होता. शेवटी ती म्हणाली, "मी टेस लिंडक्विस्ट. गाई उठल्या असतील तर तुम्हीही उठा."

सिग्नेनं झटकन हात पुढं करून रेडिओ बंद केला.

"का गं?" आर्विड म्हणाले. "बरी बोलते की पोरगी. आंधळी आहे म्हणे, बोटांनी वाचते. महिनाभर झाला, रोज ऐकतो मी."

"डोकं दुखतंय, डॅड."

आर्विडनी तिच्याकडे पाहिलं. मग रस्त्याकडे. वळण येत होतं. त्यांनी ब्रेक दाबला. "तुझ्या टीममधली ना ती?"

सिग्नेनं खिडकीची काच खाली केली. त्या दिवसापासून सकाळी सहा ते सव्वासहा तिला घरात बसवेना. स्वयंपाकघरातला रेडिओ बंद असला तरी तिला वाटायचं, तो आवाज आता काहीतरी वेगळंच वाचणार. हवामानाऐवजी तिचं नाव वाचणार.

आठवडाभरानं दुकानातला फोन वाजला.

"सिग आहे का? सिग? अगं, मी टेस! तू तासाभराच्या अंतरावर राहतेस आणि मला माहीतच नाही! तुझ्या डॅडनी स्टेशनला फोन केला म्हणून कळलं."

सिग्नेनं काउंटर धरला. "कशी आहेस?"

"जाडी झालेय. ऐक, मला तुझ्याकडून एक गोष्ट हवीय. मी जोडसायकल घेतलीय. ज्याला दिसत नाही तो मागे, ज्याला दिसतं तो पुढे. त्यांच्या शर्यती असतात, ठाऊक आहे ना? मला पुढं बसायला कुणीतरी हवंय."

"दुसरी कुणी बघ, टेस. मी सोडलं ते सगळं."

"दोघी बघितल्या. एक सारखी बडबडते. दुसरी वळण आलं की श्वास रोखते, मला मागून ऐकू येतं. बाई, मला घाबरट बाई नकोय. तू हवीस. तुझ्यासारखी उतरणारी दुसरी कोण आहे?"

नाही म्हणायला सिग्नेनं तोंड उघडलं. नाही म्हटलं तर टेस 'का' विचारेल, आणि 'का'चं उत्तर द्यावं लागेल. म्हणून ती हो म्हणाली. असं भीतीपोटीच तिनं होकार दिला.

पहिल्या दिवशी ला क्रॉसच्या नदीकाठच्या सपाट रस्त्यावर त्या निघाल्या. टेस खरंच जाडी झाली होती, कपाळावर केसांखालून एक पांढरा व्रण उतरत होता, आणि हसणं तेच होतं. जोडसायकलवर मागचं माणूस मागे पडू शकत नाही. घरघर थांबत नाही. ते अगदी पाठीशी बसलेलं असतं, त्याचा श्वास मानेवर लागतो. सिग्नेच्या पाठीतून घाम वाहत होता, आणि त्या जेमतेम ताशी पंधरा मैलांनी चालल्या होत्या.

"त्या दिवसाचं मला काही आठवत नाही बघ," टेस पाठीमागून म्हणाली. "सकाळी ओटची लापशी खाल्ली ते आठवतं. मनुका नव्हत्या म्हणून मी कुरकुरले. मग एकदम हॉस्पिटल. मधलं सगळं कोरं. तू कुठं होतीस गं तेव्हा?"

"पुढं," सिग्ने म्हणाली.

"बरं झालं. नाहीतर तूही पडली असतीस."

दोन उन्हाळे त्या एकत्र चालवत राहिल्या. शर्यतीही केल्या, पाचव्या आल्या, चौथ्या आल्या. चढावर त्यांच्यासारखं कुणी नव्हतं, कारण टेसच्या मांड्या परत लोखंडाच्या झाल्या होत्या. उतारावर मात्र सगळ्या त्यांना मागे टाकायच्या.

"ब्रेक सोड की!" टेस ओरडायची. "ही सायकल आहे का बैलगाडी? सिग, तू म्हातारी झालीस का गं?"

"रस्ता ओला आहे."

"गेल्या महिन्यात कोरडा होता, तेव्हाही तुझ्यासाठी ओलाच होता!"

सिग्ने ऐकून घ्यायची. प्रत्येक शनिवारी सकाळी ती ठरवायची की आज सांगायचं. प्रत्येक शनिवारी ती टेसला तिच्या घराच्या पायरीशी सोडून तशीच परत यायची. सांगितलं नाही म्हणून भीती, आणि सांगितलं तर काय होईल याचीही भीती. दोन्हींच्या मधे ती पोती मोजत राहिली. आणि जितके दिवस जात होते तितकं ते आणखी वाईट होत होतं, कारण आता टेस तिच्यावर माया करायला लागली होती. आपल्या वाढदिवसाला तिनं सिग्नेच्या आईच्या हातच्या लेफ्सेची, बटाट्याच्या पातळ पोळ्यांची, फर्माईश केली आणि एकटीनं नऊ पोळ्या खाल्ल्या. आर्विड तिला 'रेडिओवाली' म्हणायचे आणि तिच्यासाठी खुर्ची ओढून ठेवायचे.

दोन हजार नऊच्या ऑगस्टमध्ये साउथ डकोटाच्या डोंगरांत मोठी शर्यत होती. शेवटच्या चढावर त्या दोघी दुसऱ्या होत्या. माथ्यावर पोचल्या तेव्हा आभाळ काळं झालं आणि टपोरा, गार पाऊस सुरू झाला. समोर रस्ता डावीकडे वळत खाली जात होता, उजवीकडे लोखंडी कठडा होता. सिग्नेचे हात ब्रेकवर आवळले गेले. सायकल थांबली. तिनं पाय जमिनीवर टेकला.

"काय झालं? पंक्चर?"

"नाही."

"मग?"

"मला जमणार नाही, टेस."

"काय जमणार नाही? दुसऱ्या आहोत आपण! सिग! चल!" टेसनं मागून तिच्या पाठीत बुक्की मारली. "अगं चल ना! आयुष्यात एकदा मेडल मिळतंय मला!"

एक जोडी पाणी उडवत शेजारून गेली. मग आणखी एक.

"मी चालत जाते," सिग्ने म्हणाली. तिचे दात वाजत होते. "तू हात धर. चालत उतरू."

टेस खाली उतरली. ती चिडली होती. सायकलच्या बुटांच्या तळाशी लोखंडी पट्ट्या असतात, त्या ओल्या डांबरावर खटखट वाजत होत्या. सिग्नेनं एका हातानं सायकल धरली होती. टेसनं दुसऱ्या बाजूनं सीट धरली होती, सिग्नेचा हात नव्हे. पन्नासेक पावलं गेल्यावर सिग्ने बोलायला लागली. तिनं हॅगर्टीच्या माथ्यापासून सुरुवात केली. वळण पहिलं, वळण दुसरं. आपण काय म्हणालो होतो तेही सांगितलं, ब्रेकला हात लावू नकोस असं. मग सातवं वळण.

"तिथं खडी होती," ती म्हणाली.

"ते मला ठाऊक आहे. सगळे सांगतात, खडी होती."

"मला ती दिसली होती."

टेसचे बूट वाजायचे थांबले.

"किती आधी?"

"दोन सेकंद असतील. अडीच."

"हात दाखवायला किती लागतो?"

"अर्धा."

पाऊस पडत राहिला. टेसनं तोंड वर केलं, जणू पावसातून काही ऐकू येतंय. सिग्ने तिच्या चेहऱ्याकडे बघत उभी होती. ती मला ढकलून देईल, असं तिला खरंच वाटत होतं, आणि आपण हलायचं नाही, असंही तिनं ठरवलं होतं.

"आणि मग तू मागे पाहिलंस?"

"चार वळणांनंतर."

"आवाज आला होता?"

"आला होता."

"कसा?"

"टेस, नको."

"माझा आवाज आहे तो. कसा होता सांग."

सिग्नेनं सांगितला. टायरचा, मग कठड्याचा. टेस मान हलवत ऐकत राहिली. मागून शर्यतीतल्या शेवटच्यांना गोळा करणारी गाडी आली आणि त्यांच्यापाशी थांबली. टेस हातानं चाचपत दारापर्यंत गेली, आत बसली आणि तिनं दार ओढून घेतलं. गाडी निघून गेली. सिग्ने ती लांबलचक सायकल ढकलत उरलेला डोंगर एकटी उतरली. तिला तीन तास लागले.

त्यानंतर नऊ आठवडे टेसचा फोन आला नाही. सिग्नेनंही केला नाही. पण आता ती रोज सकाळी सहा वाजता स्वयंपाकघरात रेडिओ लावायची आणि हातात कॉफीचा मग घेऊन उभी राहायची. तापमान, वारा, दुधाचे भाव. आवाज ठणठणीत होता. गाई उठल्या असतील तर तुम्हीही उठा. एक दिवस तो आवाज आला नाही, दुसराच कुणी वाचत होता. सिग्ने दिवसभर पोती चुकीची मोजत राहिली. टेसला फक्त सर्दी झाली होती, ते आर्विडनी स्टेशनला विचारून संध्याकाळी सांगितलं. त्यांनी याहून जास्त काही विचारलं नाही. मात्र त्या दिवशी ते बराच वेळ तिच्या शेजारी पायरीवर बसले.

ऑक्टोबरात फोन वाजला.

"मी माफबिफ केलेलं नाही," टेस म्हणाली. "आधीच सांगते."

"बरं."

"मी रोज विचार करते, मी पुढं असते तर हात दाखवला असता का. कधी वाटतं, हो. कधी वाटतं, चाळीस सेकंद राहिले होते, मीही नसता दाखवला. मला माहीत नाही. आणि हे मला आता कधीच कळणार नाही, याचा मला जास्त राग येतो. तू सांगितलं नसतंस तर मी तुझ्यावर प्रेम करत मेले असते. तेही गेलं."

सिग्नेनं रिसीव्हर दुसऱ्या कानाला लावला.

"ऐकतेस ना?"

"ऐकतेय."

"माझं वजन परत वाढतंय. त्या बडबड्या बाईबरोबर दोनदा गेले, जीव नको झाला. शनिवारी दहाला ये. पण एक अट आहे. रस्त्यावर जे दिसेल ते सगळं मोठ्यानं सांगायचं. सगळं. खडा दिसला तर खडा. तू गप्प बसलीस की मी उतरणार आणि चालत घरी जाणार, समजलं?"

त्या शनिवारी सिग्ने गेली. पायरीवर टेस हेल्मेट घालून बसली होती, आणि ती हसली नाही. दोघी नदीकाठानं निघाल्या. सिग्नेनं सांगायला सुरुवात केली. डावीकडे फट, पुढे पानं, उजवीकडून कुत्रा, पोस्टाची गाडी. तिचा घसा बसला तरी ती सांगत राहिली. तोंड कोरडं होतं, जिभेवर तीच लोखंडाची चव होती, आणि बोटं ब्रेकवरून निघायला तयार नव्हती.

शर्यती त्यांनी पुन्हा केल्या नाहीत. शनिवार मात्र सोडले नाहीत. सिग्ने आता पन्नाशी ओलांडून गेली आहे. आर्विड गेले, टँकर दुसरंच कुणी चालवतं. टेस अजून सकाळी हवामान वाचते. ज्या रस्त्यांवर सिग्ने लहानपणी छाती टेकून सुटायची, तिथून त्या दोघी आता मुंगीच्या पावलानं उतरतात, आणि गोठ्याबाहेर उभ्या असलेल्या लोकांना त्यांच्या आधी सिग्नेचा आवाज ऐकू येतो.

"खड्डा, उजवीकडे. ओलं. शेण. आणखी शेण. मेलेला रॅकून, डावीकडे."

"रॅकून कशाला सांगतेस? शी!"

"सगळं सांग म्हणालीस."

"कधी मेला असेल?"

"दोनेक दिवस झाले असतील."

"बरं, पुढं बोल. आणि ब्रेक जरा सोड, सिग. जरासाच."

सिग्ने एक बोट उचलते. कधी दोन. मागचा श्वास मानेवर लागतो, आणि तिचं सगळं लक्ष तिथंच असतं.